ग्राफिक्स नव्हतं, कॉम्प्युटर नव्हता, तरी दादासाहेब फाळकेंनी १९१७ साली पडद्यावर मारुती उडवला

आज पिक्चरमध्ये कुणी हवेत उडालं की आपण लगेच म्हणतो, व्हीएफएक्स भारी आहे. पण शंभर वर्षांपूर्वी हे सगळं एक माणूस हाताने करत होता.

धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजेच दादासाहेब. जन्म त्र्यंबकेश्वरचा, ३० एप्रिल १८७०. मुंबईच्या जे. जे. मध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकले. फोटोग्राफी केली, छापखाना चालवला. आणि हो, जादूचे प्रयोगही केले. नाव काय घेतलं? प्रोफेसर केळफा. फाळके उलटं वाचा!

१९११ मध्ये त्यांनी ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा मूकपट पाहिला आणि ध्यास घेतला. पिक्चर बघून बघून, रात्री जागून डोळे गेले होते, ते उपचारांनी परत आले. विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ साली ते लंडनला गेले आणि कॅमेरा घेऊन आले.

आता भांडवल कोण देणार? त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभर त्याचं थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर बीचं रोपटं मिनिटभरात वाढताना दिसलं. ते पाहून कर्ज मिळालं. आज मोबाईलमध्ये टाइमलॅप्स असतो, तो हाच प्रकार.

३ मे १९१३ ला 'राजा हरिश्चंद्र' लागला. १९१७ मध्ये 'लंकादहन', १९१८ मध्ये 'श्रीकृष्णजन्म', १९१९ मध्ये 'कालियामर्दन'. त्यात मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली आणि पाण्यात कालियाशी झुंजली.

ही जादू व्हायची कशी? देव प्रकट करायचा असेल तर कॅमेरा थांबवायचा, बाकीच्यांनी जागेवर स्तब्ध राहायचं, देवाला आणून उभं करायचं आणि पुन्हा हँडल फिरवायचं. एकाच चौकटीत दोन दृश्यं हवी असतील तर फिल्म मागे गुंडाळून तिच्यावरच दुसऱ्यांदा चित्रण करायचं. फिल्म धुतल्याशिवाय काही दिसत नसे. दुसऱ्या वेळी चूक झाली की पहिली मेहनतही पाण्यात.

या कामात पत्नी सरस्वतीबाई बरोबरीने होत्या. कच्च्या फिल्मला कडेची भोकं पाडायचं काम अंधारात करावं लागे, ते त्या करत. दागिनेही त्यांनीच दिले.

पुढे बोलपट आले, खर्च वाढला, जमाना बदलला. 'गंगावतरण' हा १९३७ चा बोलपट त्यांचा शेवटचा. १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकमध्ये ते गेले, तेव्हा हाताशी पैसा नव्हता.

१९६९ पासून त्यांच्या नावाने देशातला सिनेमाचा सर्वात मोठा पुरस्कार दिला जातो. त्यांच्या बहुतेक फिल्म मात्र नष्ट झाल्या. 'हरिश्चंद्र'चेही काही तुकडेच उरलेत. ते यूट्यूबवर सापडतात. बघताना एवढंच लक्षात ठेवा, मागे एकही कॉम्प्युटर नव्हता.