आपल्या कॉलेजसाठी लढलेला माजी विद्यार्थी : डॅनियल वेबस्टर

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहाच, असा समितीचा आग्रह झाला. शाळेच्या आठवणी इतर मित्र माझ्यापेक्षा चांगल्या लिहितील. माझी हयात वकिलीत गेली आणि त्यातली बरीच वर्षे शिक्षणसंस्थांच्या वादांत. दोन कार्यकारिणी, एका खुर्चीवर दोघांचा दावा, धर्मादाय आयुक्तांकडे अडकलेला चेंज रिपोर्ट आणि दप्तर कोणाच्या ताब्यात यावरून तंटा. अशा वेळी मला हटकून डॅनियल वेबस्टर आठवत.

वेबस्टर यांचा जन्म १८ जानेवारी १७८२ रोजी अमेरिकेतील न्यू हॅम्पशायर राज्यात, सॉल्सबरी येथे शेतकरी कुटुंबात झाला. फिलिप्स एक्सेटर या शाळेत असताना वर्गापुढे बोलायची वेळ आली की त्यांना बाकावरून उठणेही जमत नसे. हाच मुलगा पुढे देशातला नामांकित वक्ता झाला! वडिलांनी ऐपतीबाहेर खर्च करून त्यांना डार्टमथ कॉलेजात घातले. १८०१ मध्ये ते पदवीधर झाले. मग थोरला भाऊ एझिकिएल याच्या शिक्षणाला हातभार लावण्यासाठी त्यांनी फ्रायबर्ग गावी मास्तरकी केली.

डार्टमथची स्थापना एलिआझर व्हीलॉक यांनी केली. इंग्लंडच्या राजाच्या नावे १७६९ मध्ये मिळालेल्या सनदेने संस्थापकाला आपला उत्तराधिकारी नेमण्याचा अधिकार होता. त्यानुसार १७७९ मध्ये मुलगा जॉन व्हीलॉक अध्यक्ष झाले. वर्षे गेली तसे त्यांचे विश्वस्तांशी बिनसले. कारभार कोणाच्या शब्दाने चालायचा, हा मूळ मुद्दा. १८१५ मध्ये विश्वस्तांनी त्यांना दूर करून फ्रान्सिस ब्राउन यांना नेमले.

भांडण तिथे मिटले नाही, त्यात राजकारण शिरले. १८१६ मध्ये राज्याच्या विधिमंडळाने कायदा करून कॉलेजचे विद्यापीठ केले, विश्वस्त १२ चे २१ केले आणि त्यांच्यावर देखरेख मंडळ बसवले. सनद, शिक्का आणि हिशेबाच्या वह्या विल्यम वुडवर्ड यांच्याकडे होत्या, आणि ते सरकारी बाजूला गेले. जुन्या विश्वस्तांनी त्यांच्यावर दावा लावला. एकाच गावात दोन संस्था सुरू झाल्या. इमारती विद्यापीठाकडे गेल्या, ब्राउन यांनी भाड्याच्या खोल्यांत वर्ग चालवले आणि बहुतेक विद्यार्थी त्यांच्याबरोबरच राहिले.

राज्याच्या न्यायालयात कॉलेज हरले. १० मार्च १८१८ रोजी वेबस्टर वॉशिंग्टनला सर्वोच्च न्यायालयात उभे राहिले आणि काही तास बोलले. बराचसा युक्तिवाद आधीच्या वकिलांनी, जेरेमाया मेसन आणि जेरेमाया स्मिथ यांनी, रचलेला होता. गाभा सोपा होता : सनद हा करार आहे, आणि करार मोडणारा कायदा करण्याची राज्यांना संविधानाने मनाई आहे. शेवटी स्वतःच्या कॉलेजविषयी बोलताना त्यांचा कंठ दाटून आला, असे सांगतात.

२ फेब्रुवारी १८१९ रोजी पाच विरुद्ध एक मताने कॉलेज जिंकले. तोवर जॉन व्हीलॉक आणि वुडवर्ड दोघेही वारले होते. दगदगीत प्रकृती ढासळलेले ब्राउनही १८२० मध्ये, अवघ्या ३६ व्या वर्षी गेले. कोर्टातला विजय असा महाग पडतो, हे मी जवळून पाहिले आहे.

वेबस्टर पुढे सिनेटर झाले, दोनदा परराष्ट्रमंत्री झाले. पण १८५० मध्ये, देश फुटू नये म्हणून, पळालेल्या गुलामांना धन्याकडे परत पाठवणाऱ्या कायद्याला त्यांनी पाठिंबा दिला. तो डाग पुसला गेला नाही. २४ ऑक्टोबर १८५२ रोजी त्यांचे निधन झाले.

मला या खटल्यातून एक गोष्ट पटली. संस्था संस्थापकाच्या मुलाची नसते, सत्तेवर बसलेल्यांचीही नसते. विश्वस्तही तिचे राखणदारच, मालक नव्हेत. आणि निकाल लागेपर्यंत ती जिवंत ठेवतात ते भाड्याच्या खोलीतही तास न चुकवणारे शिक्षक आणि त्यांच्यासमोर बसणारी मुले. आपल्यालाही असे शिक्षक लाभले. संस्थेची घटना, ठराव, हिशेब नीट राहतील हे पाहणे आणि गरज पडली तर उभे राहणे, एवढे तरी आपण माजी विद्यार्थ्यांनी करावे.



– एक माजी विद्यार्थी