काळजाला हात घालणारे शल्यविशारद : डॉ. प्रफुल्लकुमार सेन

सप्टेंबर २०१४ मध्ये बंगळुरूतील रस्ते काही काळ मोकळे ठेवून एका दात्याचे हृदय विमानतळावर नेण्यात आले आणि तेथून ते चेन्नईतील रुग्णासाठी रवाना झाले. या धावपळीची पूर्वपीठिका ४६ वर्षे मागे, मुंबईतील परळच्या के. ई. एम. रुग्णालयात सापडते.

डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांचा जन्म १९१५ साली कोलकात्यात झाला. सेठ गोवर्धनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालयात शिक्षण घेतल्यावर त्याच्याशी संलग्न के. ई. एम. हीच त्यांची कर्मभूमी ठरली. मराठीत माया, धैर्य, दुःख हे सारे काळजात वसते. काळीज हे खरे तर यकृताचे नाव. तरी भावनांचे श्रेय हृदयालाच मिळाले. सेन यांना मात्र या हृदयाच्या स्नायूचे कुतूहल होते. सापाच्या हृदयात कप्प्यातील रक्त थेट स्नायूतील पोकळ्यांत झिरपते. रक्तपुरवठा तुटलेल्या मानवी हृदयातही सुईने तसे मार्ग पाडता येतील का, याचे प्रयोग त्यांनी १९६०च्या दशकात केले. पुढे परदेशात हेच काम लेसर किरणांनी होऊ लागले.

हृदयरोपणाचा सराव ते कुत्र्यांवर करीत. सोव्हिएत संघात जाऊन व्लादिमीर देमिखोव्ह यांचे कार्यही त्यांनी पाहिले होते. डिसेंबर १९६७ मध्ये केप टाउनला डॉ. ख्रिस्तियान बर्नार्ड यांनी पहिले मानवी हृदयरोपण केले. त्यानंतर अडीच महिन्यांच्या आत, १६ फेब्रुवारी १९६८ रोजी, सेन यांनी भारतातील पहिले आणि जगातील सहावे हृदयरोपण केले. रुग्ण जेमतेम तीन तास जगला. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये दुसरा रुग्ण चौदा तास जगला.

या आकड्यांवरून त्यांचे मोल ठरवणे अन्यायाचे होईल. ठोके थांबले म्हणजे माणूस गेला, ही पिढ्यान्‌पिढ्यांची समजूत. रोपणाला तर जिवंत हृदय हवे. मेंदूमृत्यूला तेव्हा भारतीय कायद्यात स्थानच नव्हते. शल्यविशारदाच्या हाती कौशल्य होते, कायद्याचा आधार नव्हता.

१९६९ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. ते चित्रेही काढीत. २२ जुलै १९८२ रोजी त्यांचे निधन झाले. देशातील पहिले यशस्वी हृदयरोपण ३ ऑगस्ट १९९४ रोजी दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेत डॉ. पी. वेणुगोपाल यांनी केले. मेंदूमृत्यूला मान्यता देणारा मानवी अवयव रोपण कायदाही त्याच वर्षी संमत झाला; बंगळुरूहून निघालेले हृदय त्याच कायद्याच्या आधारे चेन्नईला पोहोचले.