ढणढणाटातून सिंफनीकडे

तुमच्या ग्रुपमधल्या ज्या मित्राने नुकतीच गिटार घेतली आहे, त्याला काहीतरी वाजवून दाखव म्हणा. शक्यता अशी की तो 'स्मोक ऑन द वॉटर'ची सुरुवात वाजवेल. चार सुरांची ती ओळ जगभरच्या होस्टेलांनी, गॅदरिंगांनी आणि शेजाऱ्यांनी ऐकून ऐकून पाठ केली आहे. आता एक काम करा. मूळ गाणं हेडफोन लावून नीट ऐका. आधी एकटी गिटार येते, मग हाय-हॅटची टिकटिक, आणि मग त्याच ओळीवर आणखी एक घोगरा, गुरगुरणारा आवाज चढतो. बहुतेकांना ती दुसरी गिटार वाटते. ती गिटार नाही, ऑर्गन आहे. आणि तो वाजवणाऱ्या माणसाचं नाव जॉन लॉर्ड.

'डीप पर्पल' हा ब्रिटिश बँड तुम्हाला माहीत असेलच. 'लेड झेपलिन' आणि 'ब्लॅक सबाथ' यांच्याबरोबर हेवी मेटलचा पाया घालणाऱ्यांत त्याचं नाव घेतलं जातं. एकेकाळी गिनीज बुकाने जगातला सर्वांत मोठ्या आवाजाचा बँड म्हणून त्याची नोंद केली होती, कारण १९७२ मधल्या लंडनच्या एका कार्यक्रमात आवाज ११७ डेसिबलपर्यंत गेला होता. त्या गोंगाटाच्या मधोमध बसलेला हा लांब केसांचा, मिशीवाला माणूस आयुष्यभर मनात वेगळंच काहीतरी लिहीत होता. त्याला सिंफनी ऑर्केस्ट्रासाठी संगीत रचायचं होतं. इथे ऑर्केस्ट्रा म्हणजे आपल्या गणपतीतला हिंदी-मराठी गाण्यांचा नव्हे बरं का! व्हायोलिन, चेलो, बासरी, ट्रम्पेट असा सत्तर-ऐंशी वादकांचा ताफा, समोर कागदावर लिहिलेले सूर आणि मध्ये काठी घेऊन उभा कंडक्टर, तो ऑर्केस्ट्रा.

जॉनचा जन्म ९ जून १९४१ चा, इंग्लंडमधल्या लेस्टर शहरातला. वडील हौशी सॅक्सोफोनवादक. घरात पियानो होता, त्यामुळे लहानपणीच रीतसर शास्त्रीय शिकवणी सुरू झाली. बाख वगैरे मंडळी बोटांत बसली. पण पोरगं किशोरवयात आलं आणि रेडिओवरून, तबकड्यांवरून रॉक अँड रोल घरात शिरला. पियानो अक्षरशः बडवणारा जेरी ली लुईस एकीकडे आणि हॅमंड ऑर्गनवर जॅझ वाजवणारा जिमी स्मिथ दुसरीकडे. बाखही सुटेना आणि हेही सोडवेना. पुढच्या सगळ्या गोष्टीचं मूळ इथेच आहे.

शाळा संपल्यावर काही दिवस त्याने वकिलाच्या ऑफिसात कारकुनी केली. मग लंडन गाठलं, पण संगीतासाठी नाही, नाटकासाठी! तो अभिनय शिकत होता आणि खिशाला आधार म्हणून रात्री पबमध्ये वाजवत होता. डिग्री एकीकडे आणि बँड दुसरीकडे, हे गणित तुमच्यापैकी अनेकांना नवं नसावं. जॉनच्या बाबतीत रात्रीच्या कामाने दिवसाच्या शिक्षणावर मात केली. 'आर्टवुड्स' नावाच्या बँडबरोबर त्याने काही वर्षं काढली. नाव बऱ्यापैकी झालं, हिट मात्र एकही मिळालं नाही. अखेर १९६८ मध्ये गिटारवादक रिची ब्लॅकमोर आणि ड्रमर इयन पेस यांच्याबरोबर 'डीप पर्पल' उभा राहिला, आणि त्याच वर्षी 'हश' हे गाणं अमेरिकेत पहिल्या पाचांत पोचलं.

आता त्या गुरगुरणाऱ्या आवाजाची भानगड सांगतो. हॅमंड ऑर्गन हे विजेवर चालणारं वाद्य. चर्चमध्ये आणि जॅझमध्ये चालायचं. त्याला साधारणपणे एक खास स्पीकर जोडतात. त्यात भोंगे गोल फिरतात आणि आवाजाला मऊशी लहर येते. पण शेजारी ब्लॅकमोरसारखा गिटारवाला मार्शल अँप्लिफायर पूर्ण वर करून उभा असेल, तर ती मऊ लहर ऐकू कोणाला येणार? लॉर्डने सरळ आपला ऑर्गनच गिटारच्या मार्शलला जोडला. आवाज फाटला, खरखरला, आणि तोच त्याला हवा होता. पेटीवाल्याने पेटी थेट नाशिक ढोलाच्या मैदानात उतरवावी आणि तिथेही टिकून दाखवावं, असा काहीसा प्रकार. मेटलमध्ये कीबोर्ड हे मागे बसून गुपचूप सूर भरणारं वाद्य राहिलं नाही, ते गिटारशी समोरासमोर भांडू लागलं. 'हायवे स्टार'मधला त्याचा सोलो ऐका. वेग रॉकचा आहे, पण बोटांखालची चाल बाखच्या घरातली आहे.

हे सगळं चालू असतानाच १९६९ मध्ये लॉर्डने आपली दुसरी हौस बाहेर काढली. रॉक बँड आणि सिंफनी ऑर्केस्ट्रा एकाच रंगमंचावर आणणारी 'कॉन्चेर्टो फॉर ग्रुप अँड ऑर्केस्ट्रा' ही तीन भागांची रचना. वय अवघं २८. हातात वेळ थोडा. दिवसा बँडची कामं, दौरे, तालमी आणि रात्री कागदावर एकेका वाद्याचे सूर. त्या काळात कॉम्प्युटरवर क्लिक करून व्हायोलिन वाजवून बघायची सोय नव्हती. ऐंशी वाद्यं एकत्र कशी वाजतील, हे फक्त डोक्यात ऐकायचं आणि पेनाने लिहायचं.

कार्यक्रम ठरला २४ सप्टेंबर १९६९, लंडनचा रॉयल अल्बर्ट हॉल, रॉयल फिलहार्मोनिक ऑर्केस्ट्रा आणि कंडक्टर माल्कम अर्नोल्ड. अर्नोल्ड म्हणजे मोठं नाव. 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय'च्या संगीतासाठी ऑस्कर मिळवलेले संगीतकार. तालमीत मात्र वातावरण तापलेलं. ऑर्केस्ट्रातल्या अनेकांना या केसाळ पोरांबरोबर बसायचंच नव्हतं. एका चेलोवादक बाईंनी तर उभं राहून, असल्या दुय्यम बँडबरोबर वाजवायला आपण इथे आलो नाही, असं सर्वांसमोर सुनावलं. वादक मुद्दाम ढिले वाजवत होते. शेवटी अर्नोल्डच भडकले आणि त्यांनी आपल्याच वादकांना चांगलं फैलावर घेतलं. गंमत बघा, अर्नोल्ड स्वतः आधी ऑर्केस्ट्रात ट्रम्पेट वाजवायचे आणि मग संगीतकार झाले होते. वादकाने लिहायला घेतलं की लोक कसे बघतात, हे त्यांना वेगळं सांगायची गरज नव्हती.

रचनेची कल्पनाही याच भांडणावर बेतलेली होती. पहिल्या भागात बँड आणि ऑर्केस्ट्रा एकमेकांचे शत्रू. एक बोलतो तेव्हा दुसरा त्याला तोडतो. दुसऱ्या भागात थोडी ओळख होते. तिसऱ्यात, इयन पेसच्या दणदणीत ड्रम सोलोसकट, दोघं एकत्र धावत सुटतात. त्या रात्री हॉल टाळ्यांनी दुमदुमला. समीक्षकांची मतं मात्र विभागली.

आणि खरी अडचण घरातच निघाली. ब्लॅकमोरला हे ऑर्केस्ट्रा प्रकरण अजिबात पसंत नव्हतं. नवा गायक इयन गिलनही खूश नव्हता. लोक आपल्याला व्हायोलिनवाल्यांचा बँड म्हणून ओळखू लागतील, ही त्यांची भीती. ब्लॅकमोरने सांगून टाकलं की आता एक कडक रॉक अल्बम करू, तो पडला तर पुढे हवं तितकं ऑर्केस्ट्राबरोबर वाजवू. १९७० मध्ये 'इन रॉक' आला आणि तुफान चालला. तो पडला असता तर लॉर्डला मनासारखं करता आलं असतं, पण तो पडू नये म्हणून सगळ्यात जीव तोडून वाजवणाऱ्यांत लॉर्डही होता. या पेचाचा जरा विचार करा.

मग यशाची गाडी सुसाट सुटली. डिसेंबर १९७१ मध्ये बँड स्वित्झर्लंडमधल्या माँत्रोला रेकॉर्डिंगसाठी गेला. तिथे फ्रँक झापाच्या कार्यक्रमात कॅसिनोला आग लागली आणि तळ्यावर पसरलेला धूर बघून 'स्मोक ऑन द वॉटर' जन्माला आलं. पुढे माणसं बदलली, भांडणं झाली आणि १९७६ मध्ये बँड फुटला. लॉर्ड आणि पेस यांनी मिळून वेगळा बँड काढून पाहिला. दोघांच्या बायका जुळ्या बहिणी, म्हणजे आपल्या भाषेत ते एकमेकांचे साडू! तो बँड टिकला नाही. मग 'व्हाइटस्नेक', आणि १९८४ मध्ये पुन्हा जुळलेला 'डीप पर्पल'. एप्रिल १९९५ मध्ये हा बँड मुंबईत अंधेरीच्या क्रीडा संकुलात वाजवून गेला, तेव्हा हॅमंडवर लॉर्डच होता. तुमच्या आईबाबांपैकी किंवा काकांपैकी कोणी त्या गर्दीत होतं का, एकदा विचारून बघा. त्या कार्यक्रमाचा व्हिडिओ पुढे 'बॉम्बे कॉलिंग' नावाने निघाला.

या सगळ्या वर्षांत लिहिणं थांबलं नव्हतं. 'जेमिनी सूट', 'साराबांद' अशा रचना मधूनमधून येत राहिल्या. पण त्या सुट्टीतल्या. दौरा संपला की लिहायचं, दौरा लागला की वही बंद. १९९५ मध्ये आई गेली, त्यानंतर 'पिक्चर्ड विदिन' हा शांत, आतल्या आवाजातला अल्बम त्याने केला. त्यात ढणढणाट नावालाही नाही.

आणि त्या पहिल्या कॉन्चेर्टोचं काय झालं? ते हरवलं! १९७० मध्ये अमेरिकेत हॉलीवूड बाउलला त्याचा प्रयोग झाला आणि त्यानंतर त्याची मूळ लिखित प्रत कुठे गेली कोणास ठाऊक. बॅकअप, क्लाउड, फोटो असं काही नसलेल्या जमान्यातली गोष्ट. प्रत नाही म्हणजे ऑर्केस्ट्रापुढे ठेवायला कागद नाही, आणि कागद नाही म्हणजे ती रचना पुन्हा वाजणार नाही. जवळजवळ तीस वर्षं ती फक्त जुन्या रेकॉर्डवर उरली.

मग मार्को द खुय नावाचा एक डच संगीतकार पुढे आला. त्याने ते रेकॉर्डिंग ऐकून आणि जुना व्हिडिओ बघून अख्ख्या ऑर्केस्ट्राचे सूर एकेक करून पुन्हा लिहून काढायला घेतले. एखाद्या गाण्याचे कॉर्ड्स कानाने शोधताना तुमची काय दमछाक होते, ते आठवा. इथे तर गाणं पाऊण तासाहून लांब आणि वाद्यं ऐंशी. तो ते काम घेऊन लॉर्डला भेटला. जिथे रेकॉर्डवर ऐकू येत नव्हतं, तिथल्या जागा लॉर्डने कंडक्टर पॉल मान यांच्या मदतीने भरल्या. २५ आणि २६ सप्टेंबर १९९९ ला, पहिल्या प्रयोगानंतर बरोब्बर तीस वर्षांनी, त्याच अल्बर्ट हॉलमध्ये लंडन सिंफनी ऑर्केस्ट्राबरोबर कॉन्चेर्टो पुन्हा वाजलं. या वेळी ब्लॅकमोर नव्हता, त्याने बँड कधीच सोडला होता. गिलन मात्र होता, मनापासून गात.

यानंतर तीन वर्षांत लॉर्डने निर्णय घेतला. २००२ मध्ये, वयाच्या एकसष्टाव्या वर्षी, त्याने 'डीप पर्पल' सोडला. भांडण नाही, अपमान नाही. जगभर हाउसफुल्ल चालणारा, स्वतःच उभा केलेला बँड आणि त्याबरोबरची खात्रीची कमाई त्याने बाजूला ठेवली, कारण दौऱ्यांमधून उरलेल्या वेळात त्याला आता लिहायचं नव्हतं. पूर्ण वेळ लिहायचं होतं.

पुढच्या दहा वर्षांत त्याने जे केलं ते बघा. पियानो आणि ऑर्केस्ट्रासाठी 'बूम ऑफ द टिंगलिंग स्ट्रिंग्ज', तंतुवाद्यांसाठी 'डिसगायजेस', ज्याचा एक भाग त्याने माल्कम अर्नोल्ड यांच्या नावे केला. दरहॅम विद्यापीठाने आपल्या १७५ व्या वर्षानिमित्त त्याच्याकडून खास रचना मागितली. २० ऑक्टोबर २००७ ला दरहॅमच्या नऊशे वर्षं जुन्या कॅथेड्रलमध्ये रॉयल लिव्हरपूल फिलहार्मोनिक ऑर्केस्ट्राने 'दरहॅम कॉन्चेर्टो' वाजवलं. सोबत वादक म्हणून लॉर्ड स्वतः हजर होता, आणि वाद्य कुठलं? तोच हॅमंड ऑर्गन. ज्या वाद्याने त्याला रॉकमध्ये नाव दिलं, ते त्याने सिंफनीच्या दारात सोडलं नाही, आत घेऊन गेला. २०११ च्या जुलैमध्ये जन्मगावच्या लेस्टर विद्यापीठाने त्याला मानद डॉक्टरेट दिली.

ऑगस्ट २०११ मध्ये त्याने कर्करोग झाल्याचं जाहीर केलं. उपचार चालू असतानाही काम चालूच होतं, आणि काम कुठलं, तर त्याच हरवून सापडलेल्या कॉन्चेर्टोचं पहिलं स्टुडिओ रेकॉर्डिंग. १६ जुलै २०१२ ला लंडनमध्ये त्याचं निधन झालं, ७१ व्या वर्षी. अल्बम त्याच वर्षी काही आठवड्यांनी बाजारात आला. २०१६ मध्ये 'डीप पर्पल'ला रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये जागा मिळाली, तेव्हा मान घ्यायला तो नव्हता.

तुमच्यापैकी कोणी मेकॅनिकल करताना तबला शिकत असेल, कोणी बी.कॉम. करताना रात्री बीट्स बनवत असेल. एक काहीतरी निवड, असं घरचे म्हणत असतील आणि मित्रही. लॉर्डला तर त्याच्याच बँडने हे ऐकवलं होतं. त्याने ३० वर्षं दोन्ही सांभाळलं, आणि एकसष्टीला त्यातलं एक पूर्ण वेळ केलं. त्याची किंमतही मोजली. आज त्याचं नाव घेतलं की सिंफनीवाले त्याला रॉकवाला म्हणतात आणि रॉकवाल्यांना त्याच्या सिंफनी ऐकलेल्या नसतात.

तुम्ही तरी ऐका. आज रात्री आधी 'हायवे स्टार' लावा, आवाज मोठा करून. मग 'दरहॅम कॉन्चेर्टो'. दोन्हीत एकच हात सापडतो का, ते तुमचे कान ठरवतील.