भास्कराचार्य

थोर गणिती भास्कराचार्य यांचा जन्म शके १०३६, म्हणजे इ. स. १११४ मध्ये, सह्याद्रीच्या परिसरातील एका विद्वान कुळात झाला. पिता महेश्वर हेच त्यांचे गुरू होत.

पूर्वसूरींचे बीजगणितावरील ग्रंथ अतिविस्तृत होते. त्यांचे सार शिष्यांस सुगम व्हावे, या हेतूने भास्कराचार्यांनी ‘बीजगणित’ लिहिले. ज्या ‘सिद्धांतशिरोमणी’चा तो भाग मानला जातो, तो ग्रंथ त्यांनी वयाच्या ३६ व्या वर्षी रचला.

अज्ञात राशींना ते कालक, नीलक, पीतक अशी रंगांची नावे देत. त्यांचा नियम असा, की सजातीय राशींचीच बेरीज-वजाबाकी करावी. विजातीय राशी पृथक् मांडाव्यात. ३ कालक आणि ५ कालक मिळून ८ कालक होतात. परंतु त्यांजबरोबर २ नीलक असल्यास ते निराळेच राहतात. अशा रीतीने लांबलचक राशी आटोपशीर होते आणि अज्ञाताचा शोध सुकर होतो.

एवढी विद्या काळाच्या ओघात लोपू नये, म्हणून त्यांचे नातू चांगदेव यांनी चाळीसगावजवळील पाटण येथे भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापिला. इ. स. १२०७ च्या सुमारास त्यास राजाश्रयाने दान मिळाले. तेथील शिलालेखात ही हकीकत कोरलेली आहे.