मुक्या पडद्यावरील वीर : मास्टर विठ्ठल

चित्रपट जेव्हां मुका होता, तेव्हां नटाचें सारें वक्तृत्व त्याच्या शरीरांत असे. इटलींत जेनोआ बंदरावर काम करणारा बार्तोलोमेओ पागानो हा धिप्पाड गडी १९१४ सालच्या 'काबीरिया' या चित्रपटानें जगप्रसिद्ध झाला. अमेरिकेंत डग्लस फेअरबँक्स यानें तलवार व उडी यांच्या जोरावर कीर्ति मिळविली. त्याच जातीचा एक नट आपल्या महाराष्ट्रानेंही दिला. लोक त्यास हिंदुस्थानचा फेअरबँक्स म्हणत. तो नट म्हणजे मास्टर विठ्ठल होय.

विठ्ठल यांनीं लहानपणींच नाटकांत काम करण्यास आरंभ केला. पुढें कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनींत ते शिरले व फिल्म तोडण्याजोडण्याचें काम करूं लागले. १९२४ सालच्या 'कल्याण खजिना' या चित्रपटांत त्यांना पडद्यावर येण्याची संधि मिळाली, ती एका नर्तकीच्या वेषांत! पुढें तलवार गाजविणाऱ्या या वीराचा आरंभ असा झाला. वाट्यास येईल तें काम त्यांनीं कमी लेखलें नाहीं.

१९२५ सालीं मुंबईंत शारदा फिल्म कंपनी निघाली. तिच्या 'रतन मंजरी' (१९२६) या चित्रपटांत ते प्रथम नायक झाले. मग तलवारबाजीच्या व धाडसाच्या चित्रपटांची रांगच लागली. दोन प्रसंगांच्या मध्यें पडद्यावर येणारी चार अक्षरें ज्यांना वाचतां येत नसत, त्यांनाही विठ्ठल यांचें काम कळे. आपल्या वाशीम जिल्ह्यांतील ज्या वडीलधाऱ्यांनीं जत्रेच्या तंबूंत सिनेमा पाहिला आहे, त्यांना विचारावें; मारामारी सुरू होतांच उठणारी ती आरोळी त्यांना अद्याप आठवत असेल.

अशा वेळीं बोलपट आला. इंपीरियल कंपनीचे अर्देशीर इराणी यांनीं 'आलम आरा' काढण्याचें ठरविलें व नायक म्हणून विठ्ठल यांची निवड केली. मोह मोठा होता. विठ्ठल शारदा कंपनी सोडून आले. तेव्हां करार मोडल्याबद्दल त्यांच्यावर फिर्याद झाली. त्यांचे वकील होते बॅरिस्टर महंमद अली जीना. खटला विठ्ठल यांनीं जिंकला. १४ मार्च १९३१ रोजीं मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहांत हिंदुस्थानचा पहिला बोलपट झळकला. गर्दी आवरण्यास पोलिस बोलवावे लागले.

परंतु दैवाचा खेळ पाहा! ज्या बोलपटासाठीं विठ्ठल न्यायालयापर्यंत गेले, त्यांतच त्यांना फारसें बोलावयास मिळालें नाहीं. हिंदी-उर्दूचे उच्चार त्यांच्या जिभेस साधत नव्हते; म्हणून नायक बराच वेळ गुंगींत असल्याचें दाखविलें गेलें. जग बोलूं लागलें आणि वीर मुका राहिला.

तरी त्यांनीं चित्रपट सोडला नाहीं. १९३३ सालीं त्यांनीं 'औट घटकेचा राजा' हा चित्रपट दिग्दर्शित केला व त्यांत शाहू मोडक यांजकडून दुहेरी भूमिका करविली. मायबोलींत जिभेची अडचण नव्हती. १९३४ सालच्या 'छत्रपती संभाजी' या मराठी चित्रपटांत ते नायक होते, आणि १९३९ सालच्या 'नेताजी पालकर' मध्येंही ते दिसले. पुढें नवे नट आले. एके काळचा नायक किरकोळ भूमिका करूं लागला. पण काम करीत राहिला.

आज 'आलम आरा'ची एकही प्रत उपलब्ध नाहीं. विद्यार्थिमित्रांनो, यश मिळविणें कठिण खरें. पण काळ बदलल्यावर मान खालीं न घालतां लहान जागीं उभें राहणें त्याहून कठिण आहे. उंचावरून उडी घेणारे पुष्कळ असतात. उंचावरून पायरी पायरीनें उतरण्यास जें धैर्य लागतें, तेंही या वीराच्या अंगीं होतें.