नाथ आणि मलंग

संत एकनाथ महाराजांचा जन्म सन १५३३ च्या सुमारास पैठण क्षेत्री झाला. घराणे संत भानुदासांचे. परंतु वडील सूर्यनारायण व आई रुक्मिणी ही दोघेही नाथांच्या बालपणीच निवर्तली. आजोबा चक्रपाणी व आजी यांनी नातवाला वाढविले. घरात दोन म्हातारी माणसे आणि एक पोर; खेळगड्यांपेक्षा शिवालयाचा ओटाच त्याला जवळचा होता.

वयाच्या बाराव्या वर्षी, कोणास न सांगता, हा मुलगा देवगिरीस गेला. तेथील किल्ल्यावर निजामशाहीचे अधिकारी असलेले जनार्दनस्वामी दत्तभक्त होते. त्यांनी त्यास ठेवून घेतले व जमाखर्चाचे काम दिले. एका पैची चूक शोधण्यासाठी नाथ रात्रभर जागले, ही गोष्ट सर्वश्रुतच आहे. दप्तर सांभाळणाऱ्यास तिचे मोल अधिक कळेल!

पुढे स्वामी त्यांना रानात घेऊन गेले. परंपरा सांगते की तेथे एक मलंग फकीर आला. चामड्याचा वेष, उग्र चेहरा, सोबत एक कुत्री. स्वामींनी त्यास साष्टांग नमस्कार घातला. कुत्रीचे दूध काढून त्यात भाकरी कुस्करली गेली आणि दोघे एकाच पात्रात जेवले. नाथांना जवळ बोलावले, पण त्यांचे पाऊल पुढे पडेना. सोवळ्याओवळ्यात वाढलेला ब्राह्मणाचा मुलगा तो. त्यास दोष कसा द्यावा? फकीर निघून गेल्यावर स्वामींनी सांगितले की ते साक्षात दत्तात्रेय होते. नाथांच्या मनास ती गोष्ट फार लागली.

नंतर शूलिभंजन येथे त्यांनी अनुष्ठान केले, तीर्थयात्रा केली. इकडे आजोबांनी शोध घेत देवगिरी गाठली होती. नाथांनी पैठणातच राहावे, असे स्वामींचे आज्ञापत्र घेऊन ते परतले. नाथ यात्रेहून आले तेव्हा म्हाताऱ्याने ते पत्र हाती दिले. नाथ तेथेच थांबले.

पुढे गोदावरीच्या तापलेल्या वाळूत रडणारे अस्पृश्य मानलेल्या घरचे मूल त्यांनी कडेवर उचलून घेतले, श्राद्धाचे अन्न त्याच समाजाच्या भुकेल्यांस वाढले, अशा कथा आहेत. गावाने बहिष्कार घातला, परंतु या वेळी पाऊल मागे राहिले नाही. सन १५७३ मध्ये काशीत भागवतावरील टीका पूर्ण केली, सन १५८४ मध्ये ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. त्यांच्या भारुडांत फकीरही बोलतो.

सन १५९९ मध्ये फाल्गुन वद्य षष्ठीस नाथांनी गोदावरीत देह ठेवला. जनार्दनस्वामींची पहिली भेटही याच तिथीची मानतात. त्या दिवशी पैठणला मोठी यात्रा भरते.