शत्रूच्या जखमा बांधणारा व्यापारी

स्वित्झर्लंडांतील जिनेव्हा शहरीं ता. ८ मे १८२८ रोजीं हेन्री ड्यूनां यांचा जन्म एका सधन व धर्मशील कुटुंबांत झाला. तरुणपणीं त्यांनीं अल्जीरियांत पिठाच्या गिरणीचा धंदा आरंभिला. जमीन व पाणी यांच्या सवलती मिळेनात, तेव्हां फ्रान्सचे बादशहा तिसरे नेपोलियन यांसच अर्ज द्यावा, या हेतूनें १८५९ सालीं ते उत्तर इटलींत गेले. बादशहा तेव्हां तेथें ऑस्ट्रियाशीं युद्धांत गुंतले होते.

ता. २४ जून रोजीं सोल्फेरिनो येथें घनघोर लढाई झाली. दोन्ही पक्षांचे मिळून सुमारें ४०,००० सैनिक ठार, जखमी वा बेपत्ता झाले. जवळच्या कास्तिल्योने गांवांतील ख्रिस्तमंदिरें, घरें व रस्ते जखमींनीं भरून गेले. डॉक्टर मोजकेच होते. ड्यूनां यांचा अर्ज बाजूस राहिला. गांवच्या स्त्रियांस जमवून त्यांनीं पाणी, अन्न व पट्ट्या यांची व्यवस्था लाविली. या स्त्रियांस ऑस्ट्रियन शिपाई म्हणजे शत्रूच. परंतु ड्यूनां आपपरभाव करीत नाहींत हें पाहून त्यांनींही तो सोडिला. फ्रेंचांनीं कैद केलेल्या ऑस्ट्रियन डॉक्टरांची सुटका व्हावी म्हणूनही ड्यूनां यांनीं खटपट केली, व ती सफल झाली.

घरीं परतल्यावर तें दृश्य त्यांस स्वस्थ बसूं देईना. १८६२ सालीं ‘सोल्फेरिनोची आठवण’ हें पुस्तक त्यांनीं स्वखर्चानें छापून यूरोपांतील राजेरजवाड्यांकडे व मुत्सद्द्यांकडे धाडिलें. शांततेच्या काळींच प्रत्येक देशांत शुश्रूषामंडळें स्थापावीं, आणि जखमींच्या रक्षणाचा करार राष्ट्रांनीं करावा, अशी त्यांत मागणी होती. १८६३ सालीं पांच जणांची समिति स्थापन झाली. तीच रेडक्रॉसची सुरुवात. ता. २२ ऑगस्ट १८६४ रोजीं १२ राष्ट्रांनीं पहिल्या जिनेव्हा करारावर सह्या केल्या.

परंतु या कार्याच्या ओढींत धंद्याकडे दुर्लक्ष झालें. १८६७ सालीं त्यांचें दिवाळें निघालें. समितींतील स्थान गेलें, जन्मगांव सुटलें, आणि जग त्यांस विसरलें. पुढें हायडेन गांवच्या रुग्णालयांतील एका खोलींत ते राहत असतां, १९०१ सालीं शांततेचें पहिलें नोबेल पारितोषिक त्यांस फ्रेडरिक पासी यांजबरोबर मिळालें. ता. ३० ऑक्टोबर १९१० रोजीं ते वारले. हायडेनच्या रुग्णालयांत गरिबांकरितां एक खाट सदैव मोफत असावी, म्हणून त्यांनीं मृत्युपत्रांत तरतूद केली होती.

त्यांचें कार्य मात्र वाढतच गेलें. आपल्या देशांत १९२० सालीं कायद्यानें रेडक्रॉस सोसायटी स्थापन झाली. १९४९ च्या जिनेव्हा करारांनीं जखमी, युद्धकैदी व नागरिक यांस संरक्षण दिलें. आज जगांतील सर्व राष्ट्रांनीं ते मान्य केले आहेत.

विद्यार्थिमित्रहो, युद्ध थांबविणें ड्यूनां यांच्या हातीं नव्हतें. तहानलेल्यास पाणी देणें होतें. तेवढें त्यांनीं केलें, आणि तें शत्रूसही मिळत राहावें अशी कायमची तजवीज करून ठेविली.